साहेब आले, खाटा रिकाम्या

“आक्का, साहेबाम्होरं ही माणसं बरी दिसत न्हाईत. घ्या जरा भाईर.”

सरपंच वॉर्डातल्या मदतनीस आक्कांना सांगत होते. मी शेजारच्या खोलीत एका बाईंच्या विळ्यानं कापलेल्या बोटाला टाके घालत होते. मला वाटलं, नातेवाइकांना बाहेर काढतायत. टाके घालत राहिले. मी सांगलीत इंग्रजी शाळेत शिकले. माण तालुक्यातल्या या सरकारी दवाखान्यात डॉक्टर म्हणून आल्यापासून मी ऐकतेच जास्त.

दवाखाना ठेवायचा की बंद करायचा, यावरून पारावर दोन पार्ट्या पडल्या होत्या. “तालुक्याला मोठा हाय की,” म्हणणारे बहुतेक पुरुष होते. बाळंतपणाच्या कळा सोसत जीपमधून तिथवर त्यांना जायचं नव्हतं.

निकाल जिल्ह्याहून येणाऱ्या आरोग्य खात्याच्या साहेबांच्या पाहणीवर होता. ते ऑक्युपन्सी बघणार, म्हणजे खाटा किती भरलेल्या असतात ते.

टाके संपवून मी वॉर्डात आले. चादरी ताठ. उदबत्तीचा वास. दारात रांगोळी. पेशंट एकही नाही. पाहुणे यायचे म्हणून घर आवरतात, तसा गावानं वॉर्ड आवरला होता.

“आक्का, पेशंट कुठायत?”

“भाईर मांडवात बसवल्यात की. भाषणाला माणसं नगंत व्हय?”

तेवढ्यात गाडी आलीच. साहेब वॉर्डातून एक फेरी मारून मांडवात आले.

“एकही पेशंट नाही?”

“न्हाई साहेब!” सरपंच छाती काढून म्हणाले. “गाव एकदम ठणठणीत.”

“मग दवाखाना कशाला हवाय?”

टाळ्यांसाठी उचललेले हात तसेच राहिले.

“आवं सरपंच, काय बोलून बसला ह्ये!” मागून एक आजी पुटपुटल्या.

साहेबांपुढे हार घेऊन उभ्या असलेल्या आजोबांच्या हाताला सलाइनची सुई चिकटपट्टीनं तशीच लावलेली होती. दुसऱ्या ओळीत कालची बाळंतीण पदराखाली बाळ घेऊन बसली होती. सरपंच माझ्याकडे बघत होते. हळूहळू सगळेच बघायला लागले.

दवाखाना अजून आहे. मांडवातून वॉर्डात निघालेल्या रांगेमागून साहेब स्वतः चालत गेले. पाहणीच्या दिवशी वॉर्ड गावाच्या ताब्यात देऊ नये, एवढं मी शिकले. पण ती रांग निघाली, कारण मी माइक न घेता ओरडले होते,

“ॲडमिट असलेले सगळे उठा, आपापल्या खाटेवर चला! आजोबा, हार घातला की तुम्हीपण. माझा राउंड राहिलाय!”