ब्लेड नसलेला वस्तरा

भाऊ मंगळवारी गेला. सुतक फिटल्यावर दाढी करायला बसलो आणि साबणाच्या वासासरशी गेल्या वर्षीची ती संध्याकाळ आठवली. किमोने त्याचे केस, भुवया, दाढी सगळं नेलं होतं. त्याच्या लाडक्या फुटबॉल संघाचा मोसमातला शेवटचा सामना होता. ‘पुढचा मोसम मला मिळेलच असं नाही,’ म्हणाला. घरी ते चॅनल दिसत नव्हतं, फोनवरचं चित्र सारखं अडकत होतं, म्हणून रिक्षा करून आम्ही पनवेलभर टीव्ही शोधत फिरलो. स्टँडसमोरच्या हॉटेलात क्रिकेट लागलं होतं, मिठाईच्या दुकानात मालिका. शेवटी मोहल्ल्यातल्या एका सलूनमध्ये हिरवं मैदान दिसलं. बाक भरलेला होता, एकच खुर्ची रिकामी. ‘भाई, खुर्ची फक्त दाढीवाल्यांना,’ म्हातारा न्हावी टीव्हीवरची नजर न काढता म्हणाला. ‘मग करा की माझी दाढी, चाचा,’ भाऊ म्हणाला. न्हाव्याने वळून त्याच्या गुळगुळीत गालांकडे पाहिलं. मग त्याने टॉवेल झटकला. ‘या अल्ला, केवढी वाढलीय! नव्वद मिनिटं तरी लागतील.’ भाऊ कितीतरी दिवसांनी हसला. फेस सुकला की न्हावी पुन्हा लावायचा आणि ब्लेड नसलेला वस्तरा गालावरून हळूहळू फिरवायचा. मी मागे उभा होतो. वस्तरा फिरत होता आणि खरखर होत नव्हती, तेवढंच मला ऐकू येत होतं. आता ते चॅनल घरी दिसतं. मी आवाज बंद करून सामने पाहतो.