तिच्या तोंडावर गेलेला डाग

बायको गेली आणि महिनाभरातच डोळे मिटले की तिचं तोंड मला दिसेना. लुगडं आठवे, चालणं आठवे. तोंडाच्या जागी काहीच नाही. ही भीती मी कोणाला सांगितली नाही. मोबाइल उघडून कामठा गावी झालेल्या लग्नातला व्हिडिओ पाहायचो. तिचा चालताबोलता व्हिडिओ तेवढा एकच. पंगतीत आम्ही शेजारी बसलो आहोत, आणि ती मला कोपरानं ढोसते, "अवो, इकडं पाहा ना, शूटिंग करून राहिले."

वर्षश्राद्धाला फोटो नको, टीव्हीवर हाच व्हिडिओ लावून टीव्हीलाच हार घालू, असं मुलीनं ठरवलं. पण शेजारी मी.

"बाबा, जित्या माणसाच्या तोंडावर हार चढत नाही. तुमचं तोंड पुसून आणा."

बाजाराच्या दिवशी तालुक्याला, गोरेगावला गेलो. स्टुडिओवाला हसला. "स्वतःचंच तोंड ब्लर करता? काऊन जी, पोलीस शोधून राहिले का तुम्हाले?"

"तू आपलं काम कर."

वायर लावून त्यानं व्हिडिओ कॉम्प्युटरात घेतला. माझ्या तोंडाभोवती गोल काढला. तिथं धुरकट डाग आला. मी मान वळवली की डागही वळे. मग ती माझ्या पत्रावळीवर आपला लाडू ठेवायला वाकली, आमची तोंडं एकमेकांवरून गेली. ती सरळ झाली तेव्हा माझं तोंड साफ होतं आणि डाग तिच्यावर. आवाज तिचा, हसणं तिचं, तोंड नाही.

मी ओरडलो, "काढ! काढ ते आधी!"

"काढतो ना, दादाजी. तोंडं जवळ आली की चुकते हे."

"असल व्हिडिओ कुठं आहे?"

"तुमच्याच मोबाइलात आहे. वायर काढा न् पाहा."

घाईघाईत भलतंच उघडे. मग व्हिडिओ सुरू व्हायच्या आधी पडद्यावर नुसतं गोल फिरत राहिलं. मग ती दिसली, अख्खी.

"आता नीट करून देतो," तो म्हणाला.

"काही करू नको. हात नको लावू तिले."

मुलगी खूप बोलली. लोक काय म्हणतील, अपशकून आहे. मी म्हटलं, "माह्यावरही चढू दे हार. मले त्याचं भेव नाही."

व्हिडिओ तसाच लावला, टीव्हीला हार घातला. सोयऱ्यांनी माना वळवल्या. मी टीव्हीसमोरच बसलो होतो. ती लाडू ठेवायला वाकली आणि माझा श्वास अडकला. सरळ होईपर्यंत सुटला नाही. आजही व्हिडिओ तिथं आला की तसंच होतं.