विपुंसनाला माणसं मिळेनात

मराठीत ‘विपुंसन करणे’ असं एक क्रियापद आहे. बहुतेक वाचकांना ते माहीत नसेल, आणि त्यावाचून त्यांचं काही अडलंही नसेल. मला ते माहीत आहे, कारण परभणीच्या शेतकी कॉलेजात दुसऱ्या वर्षाला असताना मी ते पाठ केलं होतं. कळी उमलण्याच्या आदल्या दिवशी तिच्यातले पुंकेसर, म्हणजे नराचा भाग, काढून टाकणे, असा त्याचा अर्थ. कपाशीच्या फुलात नर आणि मादी एकाच घरात नांदतात. संकरित बी तयार करायचं तर हा संसार मोडावा लागतो. दुपार कलल्यावर कळीतला नर काढायचा, उरलेल्या मादीवर लाल कागदाची टोपी चढवायची आणि दुसऱ्या दिवशी सकाळी वेगळ्या वाणाच्या झाडाचं फूल आणून त्याचे पराग तिला लावायचे. यातलं पहिलं काम म्हणजे विपुंसन.

आम्हाला ते शिकवणारे सर मराठीचे मोठे अभिमानी होते. ‘शेतकऱ्याशी शेतकऱ्याच्या भाषेत बोला,’ असं ते प्रत्येक तासाला सांगत आणि मग शेतकऱ्याची भाषा म्हणून लिहून देत : ‘तदनंतर कळीचे विपुंसन करावे व विपुंसित कळी आच्छादित करावी.’ वरच्या मजल्यावरच्या दुसऱ्या सरांच्या मते खरा शब्द ‘निष्पुंसन’ होता. त्यावरून दोघांनी एकमेकांसोबत चहा घेणं सोडलं होतं. मी दोघांच्या पेपरात ज्याचा त्याला शब्द लिहिला आणि दोन्हीकडे पास झालो. आमच्या घराण्यात दहावीच्या पुढे गेलेला मीच पहिला असल्यामुळे पास होणं हेच माझं मत होतं.

ती नामांतराची वर्षं होती. विद्यापीठाला कोणाचं नाव द्यावं यावरून मराठवाडा पेटलेला असायचा आणि कॉलेज कधी बंद पडेल याचा नेम नसायचा. झरीच्या पुढच्या आमच्या गावात ते विद्यापीठ एकाही माणसानं पाहिलं नव्हतं. मीही नाही. तरी ते नाव बदललं तर आपल्या घरावरची पाटी कुणीतरी उखडून नेईल असं पारावरच्या मंडळींना वाटायचं. घरांवर पाट्या नव्हत्या, पण तो मुद्दा कुणी काढत नसे. याच रागात पारावर एक ठराव झाला होता, की बौद्धवाड्यातल्या कुणालाही कामाला बोलवायचं नाही. त्या वस्तीला बौद्धवाडा म्हणायलाही गाव तयार नव्हतं. गावाच्या तोंडी जुनंच नाव होतं. ते मी इथं लिहीत नाही.

त्या पावसाळ्यात कॉलेज असंच बंद पडलं आणि मी घरी आलो. पण मी येण्याआधीच माझ्या सांगण्यावरून वडलांनी आमच्या विहिरीजवळच्या तुकड्यात संकरित कपाशीच्या बियाण्याचा प्लॉट लावला होता. गावात असा प्लॉट कुणाचा नव्हता. थोरल्या चुलत्यांनी, ज्यांना आम्ही आबा म्हणतो, वडलांना चारचौघांत विचारलं होतं, ‘‘पोरगं दोन बुकं शिकलं म्हणून वावर त्याच्या हवाली करायलास का?’’ वडील मला घरी म्हणाले, ‘‘बियाण्याचा साहेब तपासायला यील. प्लॉट पास झाला तर कॉलेज उघडल्यावर जा. नापास झाला तर वखर धर. मग मला परभणीचं नाव सांगू नको.’’ ते रागानं बोलले नव्हते, म्हणून मला जास्त भीती वाटली.

सुरुवातीला सगळं बरं चाललं. गावातल्या बाया दुपारी येत, अंगठ्याचं नख कळीच्या बुडाशी रुतवत, हलकेच पीळ देत आणि पाकळ्यांसकट नर अलगद बाहेर काढत. मग लाल टोपी. या कामाला त्या ‘टोप्या घालणं’ म्हणत. ‘‘उद्या टोप्याला येती का ग?’’ एवढ्यावर काम ठरायचं. मी त्यांना पुस्तकातला शब्द सांगितला नव्हता. कुणी विचारलाही नव्हता.

मग महालक्ष्म्या जवळ आल्या. आमच्याकडे भाद्रपदात महालक्ष्म्या बसल्या, की त्या उठेपर्यंत एकही बाई वावराकडे फिरकत नाही. सोळा भाज्या, पुरण, आंबील, सोवळं. माझी माय तर त्या दिवसांत आम्हाला चुलीजवळ उभंही राहू देत नसे. पण कपाशीला महालक्ष्म्या नसतात. कळी आज खुडली नाही, तर उद्या सकाळी ती उमलते, घरचाच नर घरच्याच मादीला लागतो आणि संकरित बियाण्यात साधं बी मिसळतं. अशी फुलं नुसती तोडून टाकायची म्हटलं तरी हात तेवढेच लागतात. शिवाय ऐन बहर होता.

तेव्हा वडलांनी एक नवाच विचार केला. बाया नाहीत तर गडी करतील. त्यांनी भावकीला संध्याकाळी ओसरीवर चहाला बोलावलं. आबा आले, धाकटे काका आले, आणखी चारजण आले. वडलांनी अडचण सांगितली. आबांनी बशीतला चहा फुरकून मोठ्या मनानं सांगितलं, ‘‘त्यात काय येवढं? कळी तं खुडायची. उद्या समदे येऊत.’’

माझा जीव भांड्यात पडला. तेवढ्यात काकांनी कौतुकानं माझ्याकडं पाहिलं.

‘‘काय रे, ह्या टोप्यायला तुमच्या बुकात काय म्हणतेत?’’

आयुष्यात प्रथमच भावकीनं मला काही विचारलं होतं. मी सावरून बसलो.

‘‘विपुंसन करणे.’’

‘‘म्हंजी?’’

‘‘पुं म्हणजे पुरुष, काका. कळीतला पुरुषाचा भाग काढून टाकायचा, त्याला विपुंसन म्हणतात.’’

काकांनी हातातली बशी खाली ठेवली.

‘‘म्हंजी बडवणं की,’’ आबा म्हणाले.

गोऱ्ह्याला बैल करण्यासाठी जे करतात, त्याला आमच्याकडे बडवणं म्हणतात. मी घाईघाईनं म्हणालो, ‘‘तसं नाही आबा, हे फूल आहे. त्याला काही कळत नाही.’’

‘‘गोऱ्हा बडवायला बी आपुन बाहीरचा माणूस आणतो. आपल्या घराण्यात कुणी आपल्या हातानं नर मारला न्हाई.’’

‘‘आन् माझ्या सुनंला दिवस गेलेत,’’ काका म्हणाले. ‘‘दोन पोरीच्या पाठीवर. आता म्या वावरात जाऊन दिवसभर नर खुडत बसू? पोरगं व्हायचं असलं तरी व्हायचं न्हाई.’’

‘‘पण काका, इतके दिवस बाया हेच करायल्यात की. काकूसुद्धा येत होत्या.’’

‘‘बायाचं येगळं,’’ काका ठामपणे म्हणाले. ‘‘बायाला काय व्हतंय?’’

याचं उत्तर दोन्ही सरांच्या वह्यांत नव्हतं. चहा पिऊन झाल्यावर भावकी उठली. आबा उंबऱ्यात थांबून वडलांना म्हणाले, ‘‘पोराला लय शिकवलंस.’’ ते शिकवणं बंद करावं, असा त्याचा अर्थ सगळ्यांना कळला.

माय आतून बाहेर येऊन मला म्हणाली, ‘‘नुसतं टोप्या म्हणला असतास तं तुझं काय गेलं असतं?’’

दुसऱ्या दिवशी महालक्ष्म्या बसायच्या होत्या. सकाळीच, पूजेची मांडामांड अर्धी सोडून, माय मला घेऊन मागच्या नाल्यानं निघाली. कुठं, ते मी विचारलं नाही. पारावरून न दिसणारी ती एकच वाट होती आणि ती बौद्धवाड्याच्या पाठीमागं निघते. महालक्ष्म्या नसलेली घरं गावात फक्त तिथंच होती.

तिथं एक चाळिशीतली बाई अंगणात ज्वारी पाखडत होती. ठराव होण्याआधी ती आणि माय एकाच ओळीत खुरपायच्या. तिनं सूप थांबवलं नाही.

‘‘या मालकीणबाई. नाल्यानं आलात?’’

माय म्हणाली, ‘‘बाई, तुझ्यापशी काय लपवू. कळ्या फुटायल्यात. तुमी पाच-सहाजणी आलात तं लेकराचं कॉलेज ऱ्हाईल.’’

‘‘आमाला बोलवायचं न्हाई असं ठरलंय ना तुमच्या पारावर?’’

‘‘ठरलंय.’’

‘‘मग तुमी बोलवायला आलात का न्हाई आलात?’’

बाईनं सूप खाली ठेवलं.

‘‘बगा, आमाला कामाची ना न्हाई. पण असं चोरून बोलावल्यावर आमाला चोरूनच यावं लागंल. ते आमाला जमायचं न्हाई. मालकाला म्हणा, दिवसाउजेडी या. पारावरून चालत या. म्हंजी आमी बी पारावरून चालत येतो.’’ मग माझ्याकडं पाहून हसली. ‘‘लेकरा, तू लय वाळलास. परभणीला खायाला देत न्हाईत का?’’

मायनं घरी येऊन हे जसंच्या तसं वडलांना सांगितलं. वडील ऊन चढेपर्यंत ओसरीवर बसून राहिले. एकदा उठून वावरात जाऊन कळ्या पाहून आले. पुन्हा बसले. मी त्यांना म्हणणार होतो, की राहू द्या, मी वखर धरतो. शब्द तोंडापर्यंत आले होते. पण मला खरंच परत जायचं होतं, म्हणून बोललो नाही. शेवटी त्यांनी डोक्याला रुमाल बांधला.

मी त्यांच्या मागं चार पावलं अंतर ठेवून गेलो. पारावर नेहमीची मंडळी होती, मध्ये आबा.

‘‘कुणीकडं निघालास?’’ आबांनी विचारलं.

वडील थांबले. त्यांना खोटं चांगलं बोलता येत नाही आणि खरं बोलायची सवय नाही. त्यांनी एकदा माझ्याकडं पाहिलं.

‘‘विपुंसनाला माणसं पाहिजेत,’’ ते म्हणाले. शब्द त्यांच्या तोंडातून अगदी शुद्ध आला. ‘‘तुमच्यापैकी कुणी येतंय का?’’

पारावरच्या कुणाला पिंपळाच्या फांद्या दिसायला लागल्या, कुणाला चपलेचा अंगठा. विद्यापीठाच्या नावासाठी प्राण द्यायला तयार असलेल्या त्या माणसांत, एका कळीसाठी उठायला कुणी तयार नव्हतं. वडलांनी थोडी वाट पाहिली. मग ते सरळ पुढे बौद्धवाड्याकडं गेले. त्यांचा वेग नेहमीपेक्षा थोडा जास्त होता, एवढंच.

दुपारी सहा बाया पारावरून चालत आमच्या वावरात आल्या. माझ्या मते त्या मुद्दाम हळू चालल्या. मी त्यांना नख कसं लावायचं ते दाखवलं. दाखवताना माझ्या हातून पहिल्या दोन कळ्या मोडल्या. त्यांनी पहिल्या घटकेत माझ्याहून जास्त मोडल्या, मग हात बसला. हळूहळू ओळीतून लाल टोप्या दिसायला लागल्या.

ती चाळिशीतली बाई माझ्या बाजूच्या ओळीत होती.

‘‘ह्याला काय म्हणतेत?’’

‘‘टोप्या घालणं,’’ मी लगेच म्हणालो.

‘‘बुकातलं सांग. माझा पोरगा बी आठवीला हाय.’’

मी इकडंतिकडं पाहून हळूच सांगितलं. अर्थही सांगितला.

‘‘मग नर काढल्यावर बोंड कसं धरंल?’’

‘‘उद्या सकाळी दुसऱ्या वाणाचं फूल आणून लावायचं.’’

‘‘म्हंजी घरचा काढायचा, बाहीरचा आणायचा. आन् त्याचं बी भारी निघतंय?’’

‘‘सगळ्यात भारी. संकर झाला की जोम येतो. घरच्या घरीच चालू राहिलं तर वाण उतरत जातो.’’

तिनं पदर तोंडाला लावला. खांदे हलत होते. पलीकडच्या ओळीतल्या बायकांना तिनं ते ओरडून सांगितलं, आणि त्या इतक्या हसल्या की वडील विहिरीवरून पाहायला लागले.

‘‘लेकरा, हे तू पारावर सांगितलंस का?’’

‘‘नाही.’’

‘‘सांगू बी नको. आधी तुझा प्लॉट पास होऊ दी.’’

महालक्ष्म्या उठेपर्यंत त्या येत राहिल्या. आबांच्या घरी महालक्ष्म्यांच्या जेवणाला आम्हाला बोलावणं आलं नाही. मायनं त्या दिवशी पुरणाचं ताट भरलं, झाकलं आणि वावरात पाठवलं. भावकीच्या कानावर ते जाईल याची तिला खात्री होती, आणि मला वाटतं, तेच तिला हवं होतं.

पुढे साहेब आले. ते ओळीओळीतून फिरले, एकदोन बोंडं हातात घेऊन पाहिली, मला काही प्रश्न विचारले. मी त्यांना एकही शुद्ध शब्द सांगितला नाही. प्लॉट पास झाला. त्याच आठवड्यात काका येऊन वडलांना हळूच विचारून गेले, की पुढच्या साली असा प्लॉट आपल्यालाही जमेल का, आणि बायांचं कसं करावं. सुनेला मुलगा झाला की मुलगी, ते मी लिहीत नाही. कारण काहीही झालं असतं तरी काकांनी त्यातून आपलंच म्हणणं सिद्ध केलं असतं.

कॉलेज उघडलं. वडील मला फाट्यापर्यंत सोडायला आले. ठराव पारावर अजून तसाच होता. भावकीचं आमच्याशी चारचौघांत बोलणं मात्र बंद झालं होतं. एसटी दिसली तेव्हा वडलांनी माझी पेटी उचलून माझ्या हातात दिली आणि म्हणाले, ‘‘जा. पण पुढच्या साली महालक्ष्म्याला कॉलेज चालू असलं तरी घरी ये. तिकडं बोलवायला मी जातोच. पण पारावरून एकट्यानं जायाला लय जड जातं.’’

मी हो म्हणालो. कंडक्टरनं घंटी मारली.