जुना माल आधी

सिरसाळ्याचे किराणा दुकानदार अण्णाराव यांचा एक नियम आहे: नवं पोतं आलं की जुना माल आधी काढायचा. घरातल्या जुनाट गेमिंग कन्सोललाही त्यांनी तोच लावला. क्रिकेटचा नवा गेम डाउनलोड करायला जागा पुरेना, म्हणून सगळ्यात जुना गेम पुसला. तो नेमका बायकोचा, गंगासागरबाईंचा शेतीचा गेम निघाला.

"माझी वांगी तोडणीला आलती! कावून काढला हो?"

"लई जुना व्हता..."

"मग तुमाला बी काढू का?"

अण्णारावांनी एक चेंडूही न खेळता क्रिकेट पुसलं आणि शेती पुन्हा डाउनलोडला लावली. दुपारभर दोघं पडद्यासमोर बसली. शेवटी शेत उघडलं. गेम पुसला तरी आधीचा खेळ कन्सोलमध्ये साठवलेला होता, वांगी जागेवरच होती! गंगासागरबाईंनी गेमचा रिमोट नवऱ्याच्या हातात दिला.

"बघता काय? तोडू लागा."