गिराण आणि ग्रहण

दुष्काळात गाव सोडून आम्ही तुर्भ्याच्या खदानीवर आलो तेव्हा मी दुसरीत होते. नवी मुंबई अजून कागदावरच होती. आमच्यासमोर होता अर्धा कापलेला डोंगर आणि त्याच्या पायथ्याला ताडपत्रीची झोपडी. पहिल्याच वर्षी बापाच्या पायावर दगड आला. हाड जुळलं, पण वाकडं. तेव्हापासून तो झोपडीपाशी विड्या ओढत बसायचा आणि माय एकटी खडी फोडायची. भाकरीसोबत काही असलं तर सण. शाळेतून आले की मीही हातोडी घेऊन तिच्या शेजारी बसायचे.

दुपारी सुरुंग लावायचे. लाल झेंडा फिरला की सगळ्या बायांनी एका मोठ्या कातळाच्या आडोशाला जायचं. बार उडायचे, धुरळा चढायचा, आणि सूर्य आधी पिवळट, मग राखेच्या रंगाचा व्हायचा. धुरळा बसेपर्यंत उठायचं नाही. तेवढ्या वेळात माय म्हणायची, "लागलं बघा गिराण," आणि आम्हाला तिकडं घेऊन जायची.

'तिकडं' हेच त्या मुलखाचं नाव. तिकडं दर बाजाराच्या दिवशी भरदुपारी गिराण लागायचं. सूर्य विझला की माणसांच्या सावल्या टाचांपासून सुटायच्या आणि नदीवर पाणी प्यायला पळायच्या. ऊन परतायला लागलं की त्यांची धांदल उडायची. जे पाय जवळ असतील त्यांनाच त्या चिकटायच्या. पाटील मोळीवालीची सावली घेऊन घरी जायचा. पुढल्या बाजारापर्यंत आपल्या पायाशी कोण आहे हे कुणालाच ठाऊक नसायचं. त्यामुळे तिकडं कुणी कुणाला "सावली पडली, लांब हो" म्हणू शकत नसे.

हे मायनं कुठून आणलं ते मला खूप नंतर कळलं. तिच्या लहानपणी गिराण लागलं की तिची आई गावात "दे दान, सुटे गिराण" ओरडत दारोदार फिरायची आणि ही टोपलं घेऊन मागे. वरून टाकलेलं धान्य झेलायचं. ओट्यावर सावलीही पडू द्यायची नाही. आम्ही बौद्ध झालो तेव्हा ते मागणं बंद झालं. पण गावानं डोक्यावर ठेवलेलं ते गिराण मायनं आपल्या हातात घेतलं आणि त्याचे नियमच बदलून टाकले. तिला सही येत नव्हती.

एकदा तिनं कुलकर्ण्याला शेळीची सावली चिकटवली. आमच्यात शेजारच्या शिरवणे गावची एक आगरी म्हातारी होती. दुसऱ्या दिवशी झेंडा दिसताच तीच आधी येऊन बसली.

"गो बाय, त्या कुलकर्न्याचा मंग काय झाला?"

"काय व्हतंय? दप्तर खात बसलाय. निम्म्या गावाची कागदं खाऊन झाली."

बाया इतक्या हसल्या की मुकादम काय झालं म्हणून बघायला आला.

मी यातच वाढले. शाळेच्या पुस्तकातही ग्रहण होतं. चंद्र मध्ये येतो, त्याची सावली पृथ्वीवर पडते. मला ते तोंडपाठ होतं. पण खरं सांगते, गिराण आणि ग्रहण हा एकच शब्द आहे असं माझ्या डोक्यात कधी आलंच नाही. गिराण मायचं, ग्रहण शाळेचं.

सातवी झाली. बाप म्हणाला, "बास झालं. आता घमेलं उचलंल."

माय म्हणाली, "हायस्कुलात घेतलं तर शिकंल. न्हाई घेतलं तर खदान हायेच."

एवढ्यावर ठरलं. खदानीतली पोरं दोन महिन्यांत गळतात, म्हणून हायस्कुलाचे हेडमास्तर आमच्यासारख्यांना आधी समोर उभं करून प्रश्न विचारायचे. माय त्या दिवसाची हजेरी बुडवून आली आणि दाराबाहेर बसली.

वाचन झालं, गणित झालं. सर खुशीत आले. माझी बोली ऐकून थट्टेनं म्हणाले, "बरं, तुमच्याकडे ते गिराण म्हणतात ना? ते सुटतं कसं, सांग बघू."

मी सांगितलं. सावल्या नदीवरून परत येतात, पायांना चिकटतात, की सुटतं.

सरांनी चष्मा काढला. शेजारच्या क्लार्कला म्हणाले, "ऐका हो. सातवी पास."

क्लार्क उठून उभा राहिला. "सर, माझ्या पायाशी सावली तेवढी बघा, तुमची लागलीय का."

काय चुकलं तेच मला कळेना. सरांनी माझा दाखला परत माझ्याकडे सरकवला. "बाळ, डोक्यात हे असलं असेल तर आठवीचं शास्त्र झेपायचं नाही."

तेवढ्यात माय आत आली. मुकादमापुढेही जमिनीकडे बघणारी माझी माय, सरांच्या तोंडाकडे बघून बोलली.

"गुर्जी, ते माजं हाय. मी सांगितलेलं. बुकातलं ती इसरत न्हाई. तिला गिराण नका इचारू. ग्रहण इचारा."

'ग्रहण' हा शब्द तिनं सावकाश, एकेक अक्षर धरून म्हटला.

सरांनी चष्मा पुन्हा चढवला. मग मला म्हणाले, "ग्रहण कशामुळे लागतं?"

मी एका दमात सगळं सांगितलं. खडू मागून घेतला आणि फळ्यावर सूर्य, चंद्र, पृथ्वी काढली. चंद्राची सावली रंगवता रंगवता माझे कान गरम झाले. हेच की ते.

सरांनी दाखला पुन्हा आपल्याकडे ओढला. मायला विचारलं, "बाई, त्या सावल्या परत आपापल्या माणसाकडे जातात का कधी?"

"न्हाई जात. गेल्या तर काय फायदा, गुर्जी?"

सरांनी या वेळी थट्टा केली नाही. त्यांनी अर्जावर सही केली.

परतताना मी विचारलं, "माय, दोन्ही एकच हाय, तुला ठावं होतं?"

"व्हय की."

"मग सांगितलं का न्हाईस?"

"दोन्ही असू दे म्हनलं तुज्यापाशी."

मला आठवीत घेतलं. पुढे दहावी झाले, बारावी झाले, आणि वाशीच्या कॉलेजातून भौतिकशास्त्र घेऊन बी.एस्सी. झाले, दुसऱ्या वर्गात. बापाच्या घरात आणि मायच्या घरात, माझ्याआधी कुणीही पदवी घेतलेली नव्हती.