दगडी ओढणीवरची फुंकर

चक्का बांधायचं मलमलचं फडकं धुऊन मी आज पालथ्या पातेल्यावर वाळत टाकलं. ओलं फडकं चिकटून बसलं, खालचा पातेल्याचा आकार जसाच्या तसा उमटला, आणि मला मिनिआपोलिसच्या म्युझियममधली ती बाई आठवली.

२००४चा हिवाळा. बाबा नुकतेच गेले होते. आई भारतातून मिनिआपोलिसजवळच्या ईडन प्रेरीला माझ्याकडे आली होती आणि दिवसभर खिडकीशी बसून बर्फ बघायची. तिचं मन रमावं म्हणून मी तिला त्या म्युझियममध्ये नेलं. तोंडावरून ओढणी घेतलेल्या बाईचा पांढराशुभ्र पुतळा होता. झिरझिरीत ओढणीआडून नाक, ओठ, मिटलेले डोळे दिसत होते.

शेजारची पाटी वाचून मी सांगितलं, "एकोणिसाव्या शतकातला इटालियन शिल्पकार. देश सोडून परक्या गावी राहिला. ओढणीसकट सगळं एकाच दगडातलं आहे."

"म्हणजे तुझ्यासारखाच की," आई म्हणाली. मग हात पाठीमागे बांधून ती वाकली आणि तिने ओढणीवर हळूच फुंकर घातली.

"अगं आई, मार्बल आहे ते!" मला हसू फुटलं.

गार्ड पुढे आला. "मॅम, प्लीज..."

"हात कुठे लावलाय मी?" आईने त्याला चक्क मराठीत सुनावलं आणि तीही हसली.

आई कशी फसली, म्हणून ही गोष्ट मी कितीदा रंगवून सांगितली. आज त्या फडक्याकडे बघताना लक्षात आलं, दगड आहे हे तर मीच तिला आधी वाचून दाखवलं होतं. बाबा गेल्यापासून मीही हसले नव्हते. आणि त्या दिवशी आधी हसले, ती मी.