फळीवर आडवं ठेवलेलं पुस्तक

बत्तीस वर्षं वर्तमानपत्रात उपसंपादक होतो. ‘असं म्हणतात’ हे दोन शब्द दिसले की कापायचे, हे माझं रोजचं काम. भुताखेतांचा मजकूर तर मी शेवटपर्यंत वाचतही नसे. त्यामुळे खाली लिहितोय ते घडलं तसंच लिहितोय, अर्थ लावण्याच्या भानगडीत पडत नाही.

निवृत्तीनंतर लोणावळ्यात राहतो. टाकवे बुद्रुकच्या वाचनालयात मदतीला जातो. मागच्या खोलीत काचेच्या दारांची तीन लोखंडी कपाटं आहेत, सगळे संदर्भ ग्रंथ. शब्दकोश, गॅझेटियर, कायदे, वनौषधी, घाटातल्या रेल्वेच्या बांधकामाचे अहवाल, विहीर खोदण्याची माहिती, सर्पदंश, कुक्कुटपालन... ही जमवाजमव पहिल्या ग्रंथपालांची. सगळे त्यांना गुरुजी म्हणत. मागच्या वर्षी ते वारले.

गुरुजींची एक पद्धत होती. कुणी काही विचारून गेलं की ते शोधत बसत. सापडलं की ते पुस्तक फळीवर, उभ्या पुस्तकांच्या डोक्यावर आडवं ठेवत. आडवं पुस्तक म्हणजे उत्तर मिळालंय, माणूस आला की द्यायचं. आताची ग्रंथपाल सुनीता असलं काही करत नाही. ती रजिस्टरमध्ये लिहिते.

फेब्रुवारीत आंदर मावळातल्या ठाकरवाडीहून चांगुणामावशी आल्या. वाडीचा झरा खिंडीपलीकडे आहे. मधली जागा एका फार्महाऊसवाल्याने घेतली आणि तारेचं कुंपण घातलं. बायका दोन तास वळसा घालून पाणी आणत होत्या. वहिवाटीची तक्रार तहसीलदारांकडे गेली होती, पण सुनावणीत त्या माणसाचा वकील म्हणाला, इथे वाट कधी नव्हतीच.

“कुटं लिवलंय का बघा, भाऊ,” मावशी म्हणाल्या. “आमाला वाचता येत न्हाई. पण आमची आजी त्याच वाटंनं जायाची. ती काय हवेतनं जायाची व्हय?”

पुढची सुनावणी आठ दिवसांवर होती. मी गॅझेटियर पाहिलं, कायद्याची पुस्तकं पाहिली, विहिरी, जंगल, जुने नकाशे पाहिले. वाडीचं नावसुद्धा नव्हतं.

सोमवारी सकाळी तिसऱ्या कपाटात एक पुस्तक आडवं होतं. गुरांच्या साथीच्या रोगांवरची जुनी सरकारी पुस्तिका. मी ती उभी करून ठेवली. मंगळवारी ती पुन्हा आडवी.

“सुनीता, हे तू ठेवतेस?”

“काका, मला काय गुरं आहेत?”

कपाटाला एकच किल्ली. त्या संध्याकाळी पुस्तिका मी स्वतः उभी केली, कुलूप लावलं, दाराच्या फटीवर कागदाची पट्टी डकवून सही केली आणि किल्ली लोणावळ्याला घेऊन आलो. बुधवारी पट्टी शाबूत होती, सहीही माझीच. आत पुस्तिका आडवी होती.

तेव्हा कुठे मी ती उघडली... हे आधीच करायला हवं होतं. पाणी माणसांनाच लागतं असं धरून मी शोधत होतो. शेवटी परिशिष्ट होतं — गुरांचे पाणवठे, वाडीवार. साथ आली तर कुठली वाट बंद करायची, यासाठी केलेली यादी. त्यात ठाकरवाडी होती. झरा, खिंडीतली दगडी पायऱ्यांची वाट, आणि पुढे स्पष्ट नोंद, की या वाटेने गुरे व माणसे दोन्ही जातात.

मी पुस्तिका पिशवीत टाकली. सुनीताने ती काढून घेतली. “संदर्भ ग्रंथ बाहेर जात नाही.”

“अगं, सुनावणी आहे.”

“मग मी येते. पुस्तक माझ्या हातात राहील.”

तशीच ती वडगावच्या तहसील कचेरीत आली, जीपमध्ये पुस्तिका मांडीवर घेऊन.

वकील हसला. “साहेब, हे जनावरांच्या औषधांचं पुस्तक आहे.”

तहसीलदार वाचत राहिले. पान उलटून पुन्हा मागे आले. “छापलंय कोणी ते पाहिलंत का?” त्यांनी वकिलाला विचारलं आणि पुस्तिका त्याच्यापुढे सरकवली. सुनीता लगेच म्हणाली, “पान दुमडू नका.”

वकील त्या दिवशी पुन्हा हसला नाही. जागेची पाहणी झाली. खिंडीत यादीतल्या वर्णनाबरहुकूम दगडात झिजलेल्या पायऱ्या निघाल्या, कुंपणाच्या बरोबर खाली. वाट मोकळी करण्याचा आदेश निघाला. तार काढायला वाडीतली यच्चयावत माणसं आली होती, म्हाताऱ्यांसकट. वकीलही आला होता. मावशी त्याला म्हणाल्या, “वकीलसायेब, आमच्या बैलांनी लय मोठी साक्ष दिली बगा.” तोही हसला, यावेळी मान खाली घालून. बायका हंडे घेऊन सरळ खिंडीत चढल्या आणि अर्ध्या तासात भरून परत आल्या. ढोल कुणी आणला होता कळलं नाही, पण वाजत होता.

नंतर मी शक्यता तपासल्या. फळी सपाट आहे. कपाटाची मागची बाजू अखंड पत्र्याची. बिजागऱ्या गंजलेल्या, कुणी हात लावलेला नाही. दुसरी किल्ली बनवल्याचं कुणाला माहीत नाही. त्यानंतर एकही पुस्तक आडवं झालेलं नाही.

मावशींना हे सगळं सांगितलं.

“भाऊ, कुणी ठिवलं त्ये तुमाला कशाला पायजे? वाट सुटली न्हवं?”

वाट सुटली. कुणी ठेवलं, ते मला अजून माहीत नाही.